सत्काराचं स्किट

आमच्या डोक्यात नाटकाचं खूळ घातलं ते एका ब्रिटिश मंडळीनं. पाच-सहा जण, फार जुन्या काळातले. आधी टीव्हीवर छोटी छोटी स्किट करायचे, मग त्यांनी सिनेमे काढले, आणि पार म्हातारे झाल्यावर पुन्हा एकत्र येऊन स्टेजवर उभे राहिले. माझ्या दोस्ताचं गुलमंडीच्या बाजूला मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. त्याच्या मागच्या खोलीत आम्ही हे सगळं लॅपटॉपवर बघितलं, खालची इंग्रजी अक्षरं वाचत. आमचं इंग्रजी यथातथाच, तरी पोट धरून हसलो. कारण ही माणसं एकदम येडपट गोष्ट एकदम गंभीर तोंडानं करायची.

"मियां, अपने यहां भी येच होता है," दोस्त म्हणाला. "अपने लोग सच्ची में करते, इत्ताच फरक."

मला ते पटलं. आपल्याकडं कुठलाही कार्यक्रम घ्या, आधी सत्कार. शाल, नारळ, फोटो. मग ज्यानं सत्कार केला त्याचा सत्कार. तासभर हेच चालतं आणि मूळ कार्यक्रम बसतो बोंबलत. मी चिकलठाण्याला एका कंपनीत क्वालिटीला आहे, तिथं असले समारंभ बघून बघून मी विटलो होतो. एका बैठकीत स्किट लिहून काढलं. नाटक सुरू व्हायचंय, पण सत्कार संपतच नाहीत. मी नाकात बोलणारा सूत्रसंचालक. दोस्त प्रेक्षकांतून एकेक माणूस पकडून आणणार. मी त्याच्याबद्दल कागदावरून काहीतरी अपमानाचं वाचणार, पण भाषा एकदम मानाची. आणि आमच्यातली तिसरी, शाळेवर शिकवणारी एक बाई, त्याला शाल घालणार. गंमत अशी की शाल एकच. पुढचा यायच्या आत पहिल्याच्या अंगावरून ओढून घ्यायची.

खरं सांगायचं तर ते मी हसत नव्हतं लिहिलं. रागानं लिहिलं होतं.

माझे वडील बिडकीनच्या पलीकडल्या खेड्यातले. शेतीवर भागेना म्हणून शेंद्र्याला एका कंपनीच्या गेटवर वॉचमन लागले. बारा वर्षं. शेवटच्या दिवशी त्यांनी आईकडून पांढरा शर्ट कडक इस्त्री करून घेतला. कशासाठी ते घरात सगळ्यांना कळलं. साहेब लोकांचे निरोप समारंभ त्यांनी गेटवरून बघितले होते, हारांच्या गाड्या आत सोडल्या होत्या. पण ते कंत्राटावर. कंत्राटी माणसाला कसला निरोप? संध्याकाळी रिकामा डबा घेऊन घरी आले, शर्ट काढून खुंटीला टांगला आणि बैलांकडं गेले. तेव्हापासून कुठंही शाल दिसली की माझं डोकं सटकतं.

आमचा प्रयोग एका कॉलेजच्या हॉलमध्ये होता, रविवारी सकाळी. दीड-दोनशे माणसं. घरी मी सांगितलं होतं, पण वडील म्हणाले होते, "आमाला काय कळतंय त्यातलं." म्हणून मी निर्धास्त होतो.

पहिले दोन सत्कार झकास झाले. हॉल नुसता हसत होता. दोस्त तिसरा माणूस आणायला खाली उतरला. त्याचा एक हिशोब असायचा, जो सगळ्यात ताठ बसलाय तो उचलायचा, असा माणूस लाजत नाही. मी मान खाली घालून वाचायला लागलो, नाकातल्या नाकात.

"यानंतरचे सत्कारमूर्ती! यांनी आयुष्यात एकही काम वेळेवर केलेलं नाही. यांच्या असण्यानं कुणाचं काही अडलं नाही, आणि नसण्यानंही अडणार नाही. अशा थोर व्यक्तीनं व्यासपीठावर यावं, ही नम्र विनंती."

लोक खदाखदा हसले. मग आणखी जोरात हसले, म्हणून मी वर बघितलं. पायरीशी एक म्हातारा चपला काढत होता. वाकून त्यानं स्टेजला हात लावला, तो कपाळाला लावला आणि वर आला.

तोच पांढरा शर्ट.

माझे वडील. नुकतेच येऊन बसले असणार, पहिले दोन सत्कार त्यांनी बघितलेच नव्हते. दोस्तानं त्यांना कधी बघितलेलं नव्हतं, त्याला काय माहीत. बाईंनी शाल घातली. वडिलांनी ती दोन्ही खांद्यांवर नीट सारखी केली. माझ्याजवळ आले आणि ओठ न हलवता म्हणाले, "कशाला येवढं केलं रं."

म्हणजे त्यांना वाटलं, हे मी घडवून आणलंय. कंपनीनं नाही केलं म्हणून पोरानं केलं. डोळे भरले होते त्यांचे.

पुढचं सगळं ठरलेलं होतं. मी "धन्यवाद" म्हटलं की बाई मागून शाल ओढणार. त्या उभ्याच होत्या, बोटं शालीच्या काठाला लावून, माझ्याकडं बघत. मी ते धन्यवाद काही केल्या म्हणेना. म्हटलं, शब्द गिळून टाकावा, दिवे जावेत, कुणीतरी येऊन हे बंद करावं.  आणि तेवढ्यात वडिलांनी माइक हातात घेतला.

"साहेबांनी आता वाचलं, एक बी काम वेळेवर केलं नाय," ते माझ्याकडं हात करून म्हणाले. "कुणीतरी चुकीचं लिहून दिलंय. बारा वर्षं गेटवर होतो. एक दिवस उशीर नाय. पोरीच्या लग्नाच्या दुसऱ्या दिवशी बी गेलो. विचारा कुणाला बी."

हॉल फुटला. टाळ्या, शिट्ट्या. लोकांना वाटलं हा आमच्यातलाच, काय कसलेला नट आहे. एकदम गंभीर तोंड, जरासुद्धा हसू नाही. आम्हाला जे जमावं म्हणून आम्ही महिनोन्महिने धडपडत होतो, तेच.

मला राहवलं नाही. मी माइक ओढून घेतला, नाकातला आवाज टाकून दिला. "हसू नका," मी म्हटलं. "हे माझे वडील आहेत. हे खरं बोलतायत."

त्यावर तर लोक खुर्च्यांवरून खाली पडायचे बाकी राहिले. कोण विश्वास ठेवणार? आम्हीच तर मघापासून शिकवलं होतं त्यांना, इथं कशावरच विश्वास ठेवायचा नाही म्हणून.

वडिलांनी हसणाऱ्या लोकांकडं बघितलं. मग विंगेत दोस्तानं तयार ठेवलेल्या चौथ्या माणसाकडं बघितलं. मग बाईंच्या हाताकडं, जो अजून शालीच्या काठालाच होता.  शाल काढली, तिच्या नीट चार घड्या घातल्या आणि बाईंच्या हातात दिली.

"घ्या बाई," ते म्हणाले. "पुढच्याला लागंल."

माइक माझ्याच हातात होता, ते वाक्य सगळ्यांना ऐकू गेलं. लोक उभे राहून टाळ्या वाजवायला लागले. बाई शाल छातीशी धरून रडत होत्या, तेही लोकांना आवडलं.

वडील पायऱ्या उतरले आणि बाजूच्या दारानं बाहेर पडले. मी मागोमाग पळालो. व्हरांड्यात ते चपला घालत होते. मी म्हटलं, "दादा, मला माहीत नव्हतं तुम्ही आलाय. ते तुमच्यासाठी लिहिलेलं नव्हतं."

"व्हय," ते म्हणाले. "कुणासाठी लिव्हलं होतं मग?"

मी वळून दाराकडं बघितलं. आतून सूत्रसंचालकाच्या नावानं ओरडा चालू झाला होता.

"जा आत," ते म्हणाले. "काम टाकून आसं बाहेर येऊ नाय."

आणि मी आत गेलो. चौथ्या माणसाचा सत्कार केला, नाकात बोलून.