कौसाबाईनं बोट दाखवलं

भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नाही. कुठून लाइट मारला की चांगला माणूस भूत दिसतो, हे मलाच विचारा... आयुष्यभर तोच धंदा केलाय! माहितीपट, सिरियल, सिनेमे — सगळीकडे कॅमेरामन म्हणून राबलो. पण गेल्या हिवाळ्यात जे पाहिलं, त्याचा अर्थ मला आजही लागत नाही.

माझा पहिला माहितीपट फुलंब्रीजवळच्या एका खेड्यातला, जुन्या लुगड्यांच्या वाकळा शिवणाऱ्या बायकांवरचा. दिग्दर्शक माझा जिवलग दोस्त अविनाश. त्यातली कौसाबाई जन्मापासून मुकी. मला बोलवायचं म्हणजे एक डोळा मिटायची आणि दुसऱ्यावर मूठ धरायची — कॅमेऱ्यात बघणारा तो, म्हणजे मी! शेवटचा लांबलचक शॉट तिचाच. खाली मान घालून ती शिवत राहते, बस्स. त्या एका शॉटवर मला पुढची सगळी कामं मिळाली. कौसाबाईला जाऊनही आता बरीच वर्षं झाली.

तर अविनाशनं या माहितीपटाची नवी प्रत काढली आणि औरंगपुऱ्यातल्या एका हॉलमध्ये संध्याकाळचा खेळ ठेवला. मला साधा फोनही केला नाही. बायको म्हणाली, "चला हो, मित्रच आहे." गेलो, शेवटच्या रांगेत कोपऱ्यात बसलो. साहेब स्टेजवरून सांगतात, "तेव्हा कॅमेराही मीच धरला होता!" टाळ्या. टायटलमधूनही माझं नाव उडवलेलं. अरे, ज्याच्यासोबत एका ताटात जेवलो, त्यानंच असा केसानं गळा कापावा? मी उठायला लागलो, तर बायकोनं हात धरून बसवलं.

शेवटचा शॉट आला. कौसाबाई शिवता शिवता थांबली. तिनं मान वर केली... एक डोळा मिटला, दुसऱ्यावर मूठ धरली आणि सरळ आमच्या कोपऱ्याकडं बोट केलं. असं काही आम्ही कधी शूट केलंच नव्हतं!

"अहो, ती बाई तुमच्याकडंच बोट दाखवायलीय!" बायको पुटपुटली. पुढच्या रांगांमधले लोक मागं वळून माझ्याकडं बघायला लागले.

लाइट लागले. अविनाश तरातरा माझ्याकडं आला. वाटलं, आता गळ्यात पडेल, चुकलो म्हणेल.

"कधी घुसवलास रे हा शॉट?" तो सगळ्यांदेखत ओरडला. "लई खालच्या थराला गेलास!"

ऑपरेटरनं तिथल्या तिथं तीच प्रत पुन्हा लावली. कौसाबाई खाली मान घालून शिवत होती, मान वर नाही की बोट नाही. घरी माझ्याकडची जुनी कॅसेट लावली, तिच्यातही तेच. तरी अविनाशचं आजही एकच पालुपद — मीच काहीतरी चलाखी केली.

तुमच्यापैकी कुणाला उलगडा होत असेल तर सांगा, मी डोकं फोडून थकलो. जी बाई जन्मात एक शब्द बोलली नाही, ती मेल्यावर माझ्या बाजूनं साक्षीला आली. आणि माझ्या शेजारी उभं राहून ज्यानं मला तो शॉट घेताना पाहिलं, त्यानं भरल्या हॉलमध्ये मला चोर ठरवलं.