आसराबाईचं रामफळ

पुस्तकवाले सांगतात, रामफळाचं झाड मुळात मध्य अमेरिकेकडचं. आमच्याकडे आलं आणि सासरी आलेल्या सुनेसारखं नाव बदलून राहिलं. अंबडजवळच्या आमच्या गावात आता एकच उरलंय, रामेश्वरच्या शेतात. पण ते रामेश्वरचं नाही, त्याच्या बहिणीचं, आसराबाईचं आहे.

बाप वारला की आमच्याकडे बहिणीला हक्कसोडीला बोलावतात. तिनं जमिनीवर पाणी सोडायचं, भावानं साडीचोळी करायची आणि गावानं तिला शहाणी म्हणायचं. मला या शहाणपणाची चीड आहे. आसराबाईनं सही केली, पण साडी परत ढकलली. "दादा, लुगडं न्हाई पाहिजे. रामफळ माझं." रामेश्वर चारचौघांत हो म्हणाला. तेव्हापासून दर फाल्गुनात ती तीर्थपुरीहून एसटीनं येते, रंग धरलेली फळं उतरवते आणि सासरी नेऊन ज्वारीत पिकायला पुरते. माहेरचं तेवढंच तिच्या हाती उरलं होतं.

यंदा रामेश्वरचा पोरगा कल्याण मोसंबी लावायला निघाला. रामफळ ओळीत आडवं येत होतं, म्हणून त्यानं जेसीबी बोलावला. त्याच्या बहिणीनं, आकांक्षानं, गुपचूप आत्याला फोन केला. मशीन शेतात शिरलं तेव्हा आसराबाई बुंध्याला टेकून बसलेली.

"आत्या, जमीन आमची हाय. सातबाऱ्यावर तुझं नाव कुठंय?" कल्याण म्हणाला.

"न्हाईच. म्याच काढून दिलं ते. मंग पाड झाड, अन् माझा हिस्सा वापस दे. बराबर अर्धा."

"असं बोलशील तर माहेर तुटंल."

"तुटू दे. म्या काय तुमच्या चहासाठी येऊन राह्यले का?"

जेसीबीवाला मशीन बंद करून खाली उतरला. रामेश्वर इतका वेळ बांधावर मान खाली घालून उभा होता. शब्द त्यानं सगळ्यांसमोर दिला होता, आणि ऐकणारे आम्ही अजून जिवंत होतो. "कल्याण, मशीन वापस पाठव," तो म्हणाला. "ओळ वाकडी गेली तरी चालंल." कल्याण पाय आपटत निघून गेला. मला फार बरं वाटलं, खोटं कशाला सांगू.

आकांक्षा पाण्याचा तांब्या घेऊन आली. तिचं लग्न नुकतंच ठरलंय. "आत्या," तिनं हळूच विचारलं, "उद्या माझ्यावर सहीची वेळ आली तर म्या कोणतं झाड मागू?"

आसराबाईनं तांब्या खाली ठेवला आणि भावाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "येडे, म्या झाडावर भागवलं. तू जमीन माग."