मोबाइलमधल्या अकरा बांध्या

सुनेनं नवा फोन घेतला आणि जुना मला दिला, तेव्हा त्यात तो खेळ आधीपासूनच होता. काढायचा राहून गेला म्हणे. मी चुकून बोट लावलं, तर समोर उघडलं एक मोकळं रान. वर निळं आभाळ, खाली हिरवं गवत, आणि चिटपाखरू नाही.

सून पोळ्या लाटत होती. तिला विचारलं, "यात करायचं काय व?"

"काही नाही आई. ठोकळे घ्यायचे अन् ठेवायचे. मातीचे, लाकडाचे, पाण्याचे. घर बांधा, विहीर बांधा, तुम्हाले वाटन ते."

"अन् जिंकायचं कसं?"

"जिंकायचं नसते त्यात."

मला बरं वाटलं ऐकून. जिंकण्याची हौस असायचे दिवस माझे कधीच गेले होते.

त्याच वर्षी माझ्या मोठ्या बहिणीला लकवा मारला. आम्ही तिला बाई म्हणतो. तिचा नवरा गेलेला, मूलबाळ नाही, म्हणून मी तिला आंधळगावला माझ्या घरी आणलं. उजवा हात गेला, पाय गेला. जीभ जड झाली, पण अजून चालत होती. डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, हिला बोलतं ठेवा, गप्प बसली तर उरलंसुरलं बोलणंही जाईल.

आता बाईला बोलतं ठेवायचं म्हणजे विषय एकच. आंबागडच्या गडाखालचं आमचं माहेर आणि तिथल्या तलावाखालच्या अकरा बांध्या. बांधी म्हणजे धानाचं खाचर, चारी बाजूंनी मातीचा धुरा घातलेलं. बाईनं लग्न होईपर्यंत त्या बांध्यांमध्ये रोवणी, म्हणजे धानाची लावणी केली, आणि लग्न झाल्यावरही, गुडघे धरेपर्यंत, दर वर्षी रोवणीला यायचीच. मी धाकटी. मला धुऱ्यावर भाकरी घेऊन बसवायचे, त्यामुळे मला भाकरीच जास्त आठवते.

"मले एकदा नेऊन आण व," ती रोज म्हणायची. "बांध्या पाहून येऊ."

"पाय बरा होऊ दे बाई, मंग जाऊ."

पायाचं निमित्त होतं. मी एकटी जाऊन पाहून आले होते. भावानं ती जमीन विकली होती, आणि घेणाऱ्यानं विटांसाठी तिथली माती उचलून नेली होती. अकरा बांध्यांच्या जागी पुरुषभर खोल खड्डा, त्यात हिरवं पाणी आणि पाण्यात दोन म्हशी. एक धुरा शोधायला गेले, तोही सापडला नाही. हे मी बाईला सांगितलं नव्हतं. सांगणार तरी कशी? ती खाटेवरून उठत होती ती त्या बांध्यांच्याच आशेनं.

मग एका दुपारी मी फोन घेऊन तिच्या खाटेवर बसले. म्हटलं, "सांग बाई, पहिली बांधी कुठून लागते?"

"तलावाच्या पाळीखालून. अन् हे काय होय?"

"गाय आहे."

"गाय होय का पत्रपेटी? चारी कोपरे काढून ठेवले तिचे."

असं आमचं काम सुरू झालं. ती सांगायची, मी बोटानं ठोकळे ठेवायची. माझी बोटं जाड, माती ठेवायला जावं तर खड्डा पडायचा. बाई म्हणायची, "लहानपणीही तुले धानाचे पऱ्हे लावता येत नव्हते, आताही नाही." पण सांगायची सगळं. मोहाची बांधी, सिंदीची बांधी, ती लांबुडकी तिसरी जिला एक कोपरा नव्हताच. कोणत्या धुऱ्यावर तूर, कोणत्यावर काहीच नाही. रोज दुपारी तास-दीड तास ती बोलायची आणि जीभ थोडी थोडी सुटत होती. सून स्वयंपाकघरातून ओरडायची, "आई, डोळे फुटतीन तुमचे!" पण चहा मात्र दोघींचा खाटेवर आणून द्यायची.

आमचं भांडण झालं ते तोंडांवरून. प्रत्येक बांधीच्या धुऱ्याला एक तोंड ठेवतात. वरची बांधी भरली की पाणी त्या तोंडातून खालच्या बांधीत उतरतं. पण त्या खेळात पाणी वाहतच नव्हतं. जिथं ओतलं तिथं काचेसारखं थांबायचं. मी म्हटलं, "बाई, तोंड राहू दे ना. इथं कोणतं पाणी उतरते?"

ती अशी भडकली! "बिनातोंडाची बांधी? अव, लोक काय म्हणतीन? धान सडवतं का?"

ठेवली मग तोंडं. अकराच्या अकरा. तलावातून पाणी सोडायचं जे दार, ज्याला आम्ही तुडूम म्हणतो, तोही पाळीत केला, आणि उघडाच ठेवला. बाईच्या मनात रोवणीचे दिवस होते. रोवणीत तुडूम बंद कसा राहील? बांध्यांच्या खालच्या अंगाला मातीचं घर बांधलं, दारात चूल ठेवली. सगळं झालं तेव्हा मी फोन तिच्या डोळ्यांपुढं धरून तिला धुऱ्याधुऱ्यानं फिरवून आणलं. ती पाहत राहिली आणि म्हणाली, "बरं आहे. पण तुझं पाणी मेलेलं आहे व. हालत नाही."

म्हणून तो अपडेट आला तेव्हा मला आनंदच झाला. फोनवर मोठं चित्र आलं, त्यात धबधबा. सुनेनं वाचून सांगितलं, खेळात मोठा बदल आहे, आता पाणी खरंखुरं वाहणार. मी जाऊन बाईला सांगितलं.

"वाहते? मंग दाब ना, कायले पाहून राहिली!"

दाबलं. बराच वेळ फोनवर ते गोल चक्र फिरत होतं. आमचा चहा पिऊन झाला. मग रान उघडलं. गवताचा रंग बदललेला, आभाळात ढग, गायीला आता गायीसारखं तोंड. आणि तुडूमातून पाणी निघालं.

"हाललं!" बाई म्हणाली. डावा हात तिनं खाटेवर आपटला.

पाळीखालची पहिली बांधी भरली. तोंडातून पाणी दुसरीत उतरलं. "आता सिंदीची भरन," बाई म्हणाली. "आता तिसरी. पाहाय, कोपऱ्यातून वळून राहिलं." लकवा मारल्यापासून इतकं स्पष्ट ती कधी बोलली नव्हती. मी फोनकडं कमी आणि तिच्याकडं जास्त पाहत होते.

मग माझ्या ध्यानात आलं की तलाव उतरतच नाही. खऱ्या तलावाचं पाणी सोडलं की पातळी खाली जाते. हा तेवढाच होता, आणि सोडतच होता. बांध्यांत रोवलेले पऱ्हे, धानाची रोपं, उपटून वर तरंगले. धुरे खचले. बदल झाल्यापासून ओली माती टिकत नव्हती म्हणे, ते आम्हाला कुठं ठाऊक! मी घाईनं खालची तोंडं बुजवायला लागले, कारण तीच डोळ्यांपुढं होती.

"वरचं!" बाई ओरडली. "आधी वरचं बंद कर, तुडूम!"

धानाच्या घरात जन्मलेल्या कोणालाही कळतं, पाणी अडवायचं ते वरून. मलाही कळत होतं. पण सगळी बटणं आपल्या जागा सोडून दुसरीकडं जाऊन बसली होती. मातीच्या जागी बोट दाबावं तर दिवा ठेवला जायचा. तुडूमापाशी मी पाच-सहा दिवे ठेवले, आणि ते एकेक करून वाहून गेले. घराच्या भिंती बसल्या. चूल दिसेनाशी झाली. पाणी सपाट झालं, आणि त्याखाली बांधी कुठं, धुरा कुठं, काही ओळखू येईना.

सुनेला हाक मारली. तिनं बरंच उलटसुलट करून पाहिलं. "नाही आई. त्यानं आपोआप असंच जतन करून टाकलं. पयलेचं आता नाही मिळत." मग माझं तोंड पाहून म्हणाली, "पुन्हा बांधा ना. तुम्हाले तं पाठ आहे आता."

ती गेल्यावर बाईनं विचारलं, "गेल्या का व बांध्या?"

हा खेळ आहे, असं मी म्हणू शकले असते. मोबाइलातल्या गेल्या, उद्या पुन्हा करू, असं म्हणू शकले असते. पण माझ्या डोळ्यांपुढं तो खड्डा आला, त्या म्हशी आल्या, आणि तोंडातून निघून गेलं, "गेल्या बाई."

"साऱ्या?"

"साऱ्या."

ती फोनकडं पाहत नव्हती. माझ्याकडं पाहत होती. आम्हा बहिणींचे चेहरे एकमेकींपासून कधी लपले नाहीत. तिनं विचारलं, "कवापासून?"

मी सांगितलं. तीन वर्षं झाली, भावानं विकली, माती नेली. सगळं एका दमात सांगितलं. तिनं ऐकलं, आणि भिंतीकडं मान वळवली.

त्यानंतर ती बोलतच नाही म्हटलं तरी चालेल. पाणी हवं तर बोट दाखवते. खाटेवरून उठायचं म्हटलं तर मान हलवते. डॉक्टरांनी पाहिलं, नवीन काही झालेलं नाही म्हणाले. बोलतं ठेवा म्हणाले.

मी नवी बटणं शिकले. तुडूम बुजवला, पाणी उपसलं, पाळ पक्की केली. पहिल्या दोन बांध्या झाल्या. तिसरीशी अडले. तिचा कोणता कोपरा नव्हता, आणि तोंड मोहाच्या बाजूला होतं की सिंदीच्या? ते माझ्या ध्यानात राहिलेलं नाही. ती सांगायची तेव्हा मी नुसतं बोट चालवायची. तिला विचारते, ती भिंतीकडं पाहते.

परवा मी मुद्दाम एक केलं. तिसरी बांधी चौकोनी केली, चारी धुरे सलग घातले, आणि फोन तिच्यापुढं धरला. म्हटलं, "पाहाय बाई, मी बिनातोंडाचीच केली. कायले पाहिजे तोंड?"

तिनं पाहिलं. मी थांबले. आता भडकेल, लोक काय म्हणतीन म्हणेल, मला काहीच येत नाही म्हणेल.

तिनं डोळे मिटून घेतले. मी फोन तसाच धरून बसून राहिले, सून चहा घेऊन येईपर्यंत.