परवलीचा शब्द

धामणगाव रेल्वेच्या बाजारात खुशालरावांचं गुपित ठाऊक नाही असा माणूस शोधूनही सापडला नसता. खुशालरावांना ऐकू कमी येई, आणि ज्याला ऐकू कमी येतं तो स्वतःही ओरडूनच बोलतो. त्यात फोन अकोल्याहून येणारा, ट्रंक कॉलचा. अर्धं बोलणं वाटेत बडनेऱ्यालाच उतरून जायचं. "मोगरा ना? मोगरा म्हनला ना तू?" असं ते रिसीव्हरमध्ये ओरडले की समोरचा पानवाला मान डोलवायचा.

हा खटाटोप काही हौसेचा नव्हता. खुशालराव धामणगावात कापूस घेत आणि त्यांचे भागीदार, शाळेपासूनचे दोस्त उत्तमराव तो अकोल्यात विकत. एकोणसाठच्या हंगामात कोणीतरी फोनवर उत्तमरावांसारखं खोकत बोललं, "ट्रक धाडला, गाठी भरून दे." यांनी भरून दिल्या. तो ट्रक अकोल्याला पोचलाच नाही. तेव्हापासून ठरलं, फोनवर आधी परवलीचा शब्द, मग धंदा. मोगरा झाला, जास्वंद झाली, आणखी काय काय झालं. प्रत्येक शब्द आठवड्यात बाजारभर होई. या राखणीनं खुशालराव पार शिणून गेले होते. गाठी उचलायचा कधी शीण आला नाही त्यांना. पण कोणावर विश्वासच ठेवायचा नाही, हे काम त्यांच्या अंगाला मानवेना.

शेवटी कार्तिकात दोघं कौंडण्यपूरच्या यात्रेला गेले असताना उत्तमरावांनी नदीकाठी खिशातली गोडंबी, बिब्ब्याच्या बीतला गर, त्यांच्या हातावर ठेवली आणि कानाशी तोंड नेलं.

"हाच शब्द. गोडंबी. आता तू बोलाचा नाही, मीच बोलीन. तू निस्ता आयकजो. आन् घरातबी सांगाचा नाही. मी वच्छलेलेबी सांगनार नाही."

खुशालरावांनी हे शपथेसारखं पाळलं. पहिल्यांदाच एक शब्द टिकला.

पौषात एका सकाळी फोन वाजला. बाईचा आवाज होता, तोही खरखरीतून येणारा.

"भाऊजी, मी वच्छला बोलून राहिली. यायले दवाखान्यात नेलं. तुमाले बलावून राहिले. आत्ताच निंघा."

खुशालराव गडबडले. उत्तमरावांची बायको आजवर कधी फोनवर बोललीच नव्हती. दुकानात गाठी तयार पडल्या होत्या आणि राखायला हे एकटेच. आपल्याला दुकानाबाहेर काढायचा हा डाव असला तर?

"शब्द सांगा," ते म्हणाले.

"कोन्ता शब्द, भाऊजी?"

त्यांनी फोन ठेवून दिला. मनातून त्यांना जरा बरं वाटलं. या खेपेला आपण फसलो नाही. काही वेळानं फोन पुन्हा खणखणू लागला. चोर भलताच चिकट दिसतो, असं पुटपुटत त्यांनी रिसीव्हर उचलला, कानाला न लावताच गादीवर ठेवला आणि लोडाला टेकून डोळे मिटले.

दुसऱ्या दिवशी तार आली. उत्तमराव गेले होते. खुशालरावांनी त्या तारेतसुद्धा आधी शब्द शोधला, आणि आपण काय शोधतो आहोत हे कळल्यावर दुकान तसंच उघडं टाकून स्टेशनाकडे निघाले.

ते अकोल्याला पोचले तेव्हा सगळं आटोपलं होतं. ओसरीवर माणसं बसली होती. वच्छलाबाई भिंतीला टेकून होत्या. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. रागवायलाही त्राण लागतं, ते त्यांच्यात उरलं नव्हतं.

"तुमी शब्द इचारला, थे मी यायले जाऊन सांगतलं. तर हासले. म्हने, बराबर केलं खुशालनं. मंग मले शब्द सांगतला. म्हने, आता लाव फोन, आता येईन तो. मी परत ट्रंक लावला, भाऊजी. तिकून कोनंतरी उचलला. मी शब्द बोलली. दोनदा बोलली. कोनी काई बोललंच नाही."

मग वच्छलाबाईंनी तो शब्द हलकेच उच्चारला. खुशालरावांनी कानामागे हात धरला. त्या पुन्हा बोलल्या. तरी त्यांना ऐकू आलं नाही.

तिसऱ्यांदा मात्र वच्छलाबाई ओरडल्या, आणि साऱ्या ओसरीनं ऐकलं.

"गोडंबी, भाऊजी. गोडंबी."