वडाच्या सालीचा कागद

जिनिंग बंद पडलं त्या वर्षी मी पांढरकवड्याच्या एका वाचनालयात अर्धवेळ काम करत होते. आमचे हे जिनिंगमध्ये, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, कापसाची प्रत पाहायचे. गाडीतून मूठभर कापूस उचलायचा, दोन्ही हातांच्या चिमटीत धरून हळूहळू ओढायचा आणि धागा किती लांब, किती चिवट ते सांगायचं. कापसाचे दिवस फिरले तशी आधी रात्रपाळी गेली, मग मशीनच थांबली. हे घरी बसले. ओसरीवरच्या खाटेवर, रस्त्याकडे पाठ करून. त्या वर्षांत बाहेरची माणसं कॅमेरे घेऊन आमच्या भागात यायची आणि जीव दिलेल्या शेतकऱ्यांबद्दल विचारून निघून जायची. नुसतं बसून राहिलेल्या माणसाबद्दल विचारायला कोणी आलं नाही.

घरात आम्ही तिघंच. मी, हे आणि सासूबाई. सासूबाईंना सही करता यायची, वाचता यायचं नाही. मी वाचनालयातून काही आणलं की त्या संध्याकाळी शेंगा सोलत माझ्याकडून वाचून घ्यायच्या. एकदा रद्दीत काढलेलं एक जुनं, पुठ्ठा गेलेलं पुस्तक मी घरी आणलं. त्यात जगभरच्या जुन्या कारागिरीची माहिती होती. एका पानावर मेक्सिकोतल्या एका बाईचं चित्र होतं. गुडघे मोडून ती फळीसमोर बसली होती आणि हातातल्या दगडानं झाडाची साल ठेचत होती.

सासूबाईंनी चित्र जवळ घेऊन पाहिलं आणि बाई काय करते म्हणून विचारलं. मी वाचून सांगितलं. तिकडे फार पूर्वी अझ्टेक आणि माया नावाचे लोक होते. ते वडा-उंबराच्या जातीच्या झाडाची आतली साल काढायचे, भिजवायचे, राखेच्या किंवा चुन्याच्या पाण्यात उकळायचे आणि ठेचून कागद करायचे. अझ्टेक राजाला गावोगावहून कागदाचे गठ्ठे द्यावे लागत. देवांना कागदाचे कपडे घालत, सणाला कागदाच्या पताका लावत. माया लोक कागदाला चुन्याचा पांढरा हात देऊन त्यावर चित्रं काढत आणि पंख्यासारख्या घड्या घालून त्याचं पुस्तक करत. पुढे स्पेनचे लोक आले आणि त्यांनी ती पुस्तकं जाळली. हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी उरली. पण डोंगरातल्या काही गावांत बाया अजूनही असा कागद करतात.

सासूबाईंनी चित्रावरून बोट फिरवलं. मग म्हणाल्या, "पुस्तकं जाळली, पण हात तं नाही जाळता आले त्यायले."

दुसऱ्या दिवशी त्यांनीच विषय काढला. करून पाहू म्हणाल्या. अडचण झाडाची होती. आमच्या बुद्धविहारासमोरच्या पिंपळाला हात लावायचा प्रश्नच नव्हता. मागच्या गल्लीत उंबर होता, पण त्याच्या बुंध्याशी दत्ताच्या पादुका होत्या, आणि शेजारच्या काकूंनी माझं ऐकून घेऊन नम्रपणे नाही म्हटलं. वडाला बाया पुजायच्या. शिवाय जित्या झाडाची साल सोलायची नाही, असं सासूबाईंनी आधीच बजावून ठेवलं होतं.

तेव्हा नागपूर-हैदराबाद रस्ता रुंद करायचं काम चाललं होतं आणि कडेचे जुने वड तोडले जात होते. मी ह्यांना म्हटलं, सायकलवर जाऊन थोड्या फांद्या आणता का? दुपारी खाट रिकामी दिसली. संध्याकाळी हे मुकादमाला विचारून मागच्या कॅरिअरवर फांद्यांची मोळी बांधून आले. सगळा शर्ट चिकानं माखला होता.

पहिला घाणा वाया गेला. आम्ही वरची खरबरीत साल नीट काढली नव्हती आणि घाईघाईनं थोडीच उकळली. ठेचून वाळवल्यावर हातात आले ते पापडाचे तुकडे. मी नाराज झाले. सासूबाई म्हणाल्या, पहिल्या पोळीचा नकाशाच होतो. ह्यांनी मात्र एक तुकडा उचलला, त्यातली एक शीर सोडवली आणि चिमटीत धरून ओढली. मी किती महिन्यांनी ती हालचाल पाहत होते.

"धागा आहे याच्यात," हे म्हणाले. "शिजला नाही फक्त. आन् दगड गुळगुळीत आहे आपला. चित्रातल्या बाईच्या दगडाले रेघा दिसून राहिल्या."

मी पुस्तक उघडून पाहिलं. खरंच, दगडावर खाचा होत्या. पाट्या-वरवंट्याला टाकी लावून देणारी एक बाई उन्हाळ्यात आमच्या भागात फिरायची. ती आल्यावर सासूबाईंनी जुना फुटका वरवंटा तिच्यापुढे ठेवला. "एका बाजूनं सरळ रेघा पाड, जवळजवळ." तिनं असलं काम कधी केलं नव्हतं, हसली, पण नेटक्या खाचा पाडून दिल्या.

दुसऱ्या खेपेला फांद्या आणायला हे न सांगता गेले. आतली पांढुरकी साल तेवढी आम्ही पट्ट्या-पट्ट्यांनी सोडवली आणि रात्रभर भिजवली. मग परसात चूल मांडून कापसाची वाळलेली पऱ्हाटी पेटवली आणि तिचीच राख तपेल्यात टाकून साल दिवसभर उकळली. पट्ट्या मऊ झाल्या, बोटाला रेशमासारख्या लागायला लागल्या. फळीवर उभ्या-आडव्या मांडून आम्ही आळीपाळीनं ठेचायला बसलो. मोकळ्या जागा आपोआप भरत गेल्या, पट्टी पट्टीत मिसळली. आवाज ऐकून शेजारच्या बाया कुंपणावरून पाहू लागल्या. एकीनं विचारलं, "काय करून राह्यल्या वो?"

"कागद," सासूबाई म्हणाल्या. जणू रोजच करायच्या.

फळी तशीच उन्हात ठेवली. दुसऱ्या दिवशी ह्यांनी कोपऱ्यापासून अलगद सोडवला तो कागद एकसंध निघाला. तपकिरी, जाडसर, उजेडात धरला की आतल्या शिरा दिसणारा. हे तो दोन्ही हातांत धरून अंगणात उभे राहिले. मग शेजाऱ्यांना दाखवायला रस्त्यावर गेले.

उन्हाळाभर आम्ही कागद केले. कशासाठी, ते ठरलं नव्हतं. सासूबाईंनी मायांची रीत लक्षात ठेवली होती. त्यांनी खळीनं कागद लांबीला जोडले, चुन्याचा पातळ हात दिला, वाळल्यावर घड्या पाडल्या. भिंतीवर चित्रं काढायला त्यांचा हात चांगला होता. गेरू, हळद, काजळ आणि कपड्याची नीळ घेऊन त्या दुपारच्या बसायच्या. झाल्याशिवाय दाखवत नव्हत्या.

वैशाखी पौर्णिमेला विहारातून आल्यावर गल्लीतल्या बाया आमच्या ओसरीवर थांबल्या. सासूबाईंनी घडी उलगडली. पहिल्या पानावर राळेगावाकडचं त्यांचं माहेर होतं, कापसाचं वावर होतं. मग नदी आणि डोंगा. मग हिंगणघाटचं स्टेशन, आगगाडी. नंतर माणसंच माणसं, सगळी पांढऱ्या कपड्यांत, आणि त्यांच्यात एका माणसाच्या खांद्यावर बसलेली लहान मुलगी. वर आभाळ निळीचं.

नागपूरला छप्पन सालच्या धम्मदीक्षेला त्या वडिलांबरोबर गेल्या होत्या, एवढं मला माहीत होतं. पण डोंग्यात पाणी शिरलं होतं, वडिलांनी नवं पांढरं धोतर भिजू नये म्हणून डोक्याला गुंडाळलं होतं, गाडीत अनोळखी बाईनं भाकर दिली होती, यातलं काही ना मी ऐकलं होतं ना ह्यांनी. बोट एकेका चित्रावर ठेवत त्या सांगत होत्या, न अडखळता.

ह्यांनी विचारलं, "आई, हे कधी सांगितलं नाही तू?"

"मले वाचता येईन असं कोणी काही दिलंच नाही, बाबू."

पुढच्या हंगामात दुसऱ्या एका जिनिंगमध्ये ह्यांना काम लागलं. पगार आधीपेक्षा कमी होता, पण सकाळी सायकल काढताना हे शीळ घालायचे. सासूबाईंकडे गल्लीतल्या दोघी-तिघी दुपारी यायला लागल्या. एकीला तिच्या आईची गोष्ट काढायची होती, एकीला पूर आलेल्या वर्षाची. उकळायला मोठं भांडं हवं होतं. ते आम्ही विहारातून मागून आणलं आणि चूल पुन्हा पेटवली.