भिंतीपलीकडचा कुकर

आमच्या आणि सुमनकाकूंच्या स्वयंपाकघरांत एकच भिंत आहे. त्यांच्या कुकरची शिटी मला माझ्याच ओट्यावर झाल्यासारखी ऐकू येते. काकूंना मात्र हल्ली ती ऐकू येत नाही.

पूर्वी कुकर चढवून त्या भाजी निवडायच्या, फोनवर नणंदेशी भांडायच्या. आता गॅससमोर स्टूल टाकून बसतात आणि शिटी वर उचलली जातेय का, ते बघत राहतात. मध्येच डुलकी लागते. डाळीपुरत्या शिट्या होऊनही गॅस बंद झाला नाही, की मी माझ्याकडच्या किल्लीने त्यांचं दार उघडते.

"कानाचं यंत्र घ्या की, काकू."

"घेईन गं. पण सुधीरला बोलू नकोस. लेक माझा, पण घराला कुलूप लावून मला पुण्याला नेईल."

"आणि कुकर फुटला तर?"

"तर तुझीही भिंत जाईल. म्हणून तर लक्ष ठेवतेस!" त्या खदखदून हसतात.

मला हसू येत नाही. एकटं राहायलाही कुणाचा तरी कान लागतो. माझा तर आता बाजारात गेले तरी त्या भिंतीलाच लागलेला असतो.

आज सकाळी सुधीरचा फोन आला. "ताई, आई फोन उचलत नाहीये. तिला नीट ऐकू येतं ना?"

भिंतीपलीकडे शिट्यांवर शिट्या होत होत्या.

"स्वयंपाकात असतील रे," मी म्हटलं आणि फोन तसाच कानाला धरून, किल्ली घेऊन अनवाणी धावले.