गरम पाणी संपलं

पराना नदीतल्या लांब पल्ल्याच्या शर्यतीत देल्मिरा दर वर्षी दुसरी यायची. गावात तिला आडनावाने कुणी ओळखतच नसे. ‘दुसरी देल्मिरा’ म्हटलं की झालं.

हात तिचे तगडे, छातीत दम भरपूर. पण पोहणाऱ्याला पुढचं दिसतं कुठे? तोंड पाण्यात, आणि श्वासाला मान वळवली की शेजारची होडी तेवढी दिसते. होडी जाईल तिकडे आपण जायचं. देल्मिराची होडी वल्हवायचा तिचा धाकटा भाऊ फाउस्तो. नदीतला भोवरा न् भोवरा त्याला ठाऊक, पण येर्बाच्या पानांचा कडू चहा नळीने ओढल्याशिवाय गड्याचं वल्हं हलत नसे.

त्यामुळे सगळ्यांच्या पुढे असताना देल्मिराचे हात मध्येच चिखलात रुतायचे. ती कमरेएवढ्या पाण्यात उभी राहायची.

“गाव आलं का रे?”

“नाही ताई, गरम पाणी संपलं. हे काय मावशीचं घर, आत्ता घेऊन येतो.”

काठावरून मावशी ओरडायची, “अगं, आलीच आहेस तर मासा खाऊन जा!”

“होडीवाला बदल,” लोक सांगून थकले.

“भाऊ कुठे बदलून मिळतो?” ती फणकारायची.

शेवटच्या वर्षी तिने स्वतःच होडीत तीन थर्मास भरून ठेवले. पोहता पोहता अचानक तिचा हात कशावर तरी आपटला. तिने वैतागून मान वर काढली.

“आता काय संपलं रे, मेल्या?”

गावाच्या धक्क्याला अजून दुसरं कुणीच पोचलं नव्हतं, आणि फाउस्तो आनंदाने ढसाढसा रडत होता. “शर्यत, ताई.”